शेजारचे बांधकाम आणि कायद्याचे संरक्षण



घर बांधणे हा प्रत्येकाच्या आयुष्यातील आनंदाचा प्रसंग होय. परंतु एकाचे घर उभे राहत असताना शेजाऱ्याच्या भिंतीला तडे जावेत, यंत्रांच्या आवाजाने आजाऱ्यांची झोप उडावी, हे शेजारधर्माला मान्य नाही आणि कायद्यालाही नाही. अशा वेळी बाधित माणूस एक तर भांडणास उभा राहतो किंवा ‘काम संपले की त्रासही संपेल’ असे म्हणून गप्प बसतो. यांपैकी गप्प बसणे त्याला अधिक महाग पडते.

एक गोष्ट आरंभीच स्पष्ट असावी. रीतसर परवानगीने चाललेले बांधकाम केवळ गैरसोय होते म्हणून बंद पाडता येत नाही. दिवसाची ठोकाठोकी व थोडी धूळ शेजाऱ्याने सोसावयाचीच असते. वाजवी मर्यादा ओलांडली गेली, म्हणजे कायदा त्याच्या बाजूस उभा राहतो.

सर्वांत गंभीर प्रश्न पायाच्या खोदाईचा. आपल्या जमिनीला लगतच्या जमिनीचा नैसर्गिक आधार मिळावा, हा मालकाचा हक्क भारतीय सुविधाधिकार अधिनियम, १८८२ ने मान्य केला आहे. इमारतीला मिळणारा आधार, तसेच खिडक्यांतून येणारा उजेड व वारा यांचा हक्क मात्र वीस वर्षांच्या शांततापूर्ण व अखंड उपभोगाने प्राप्त होतो. असा हक्क धोक्यात आल्यास दिवाणी न्यायालयाकडे तात्पुरता व कायम मनाई हुकूम मागता येतो. निष्काळजीपणामुळे नुकसान झाले असल्यास भरपाईही मागता येते. मात्र खड्डा पाहत महिनोन्‌महिने स्वस्थ बसलेल्याला, इमारत पुरी झाल्यावर ती पाडण्याचा हुकूम मिळणे दुरापास्त असते.

बांधकाम विनापरवाना किंवा मंजूर नकाशाबाहेर असेल, तर महाराष्ट्र प्रादेशिक नियोजन व नगररचना अधिनियम, १९६६ च्या कलम ५३ व ५४ अन्वये नियोजन प्राधिकरणास ते हटविण्याची व चालू काम थांबविण्याची नोटीस देता येते. परवानगीची प्रत माहितीच्या अधिकाराच्या २००५ च्या कायद्याने कोणाही नागरिकास मागता येते.

आवाजासंबंधीचे नियम २००० सालचे आहेत. निवासी भागात दिवसा ५५ व रात्री ४५ डेसिबल ही मर्यादा आहे. रात्री दहा ते सकाळी सहा या वेळेत निवासी भागात आवाज करणारी बांधकाम-यंत्रे चालविण्यास २०१० च्या दुरुस्तीने मनाई केलेली आहे.

रस्त्यालगतचा खड्डा उघडा असेल किंवा इमारत कोसळून इजा होण्याचा संभव असेल, तर भारतीय नागरिक सुरक्षा संहिता, २०२३ च्या कलम १५२ अन्वये उपविभागीय दंडाधिकारी कुंपण घालण्याचा अथवा धोका दूर करण्याचा आदेश देऊ शकतात. बांधकामातील जीवितास धोकादायक हयगय हा भारतीय न्याय संहितेच्या कलम २९० खाली गुन्हा आहे. त्रास साऱ्या वस्तीचा असेल, तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ९१ अन्वये दोन किंवा अधिक व्यक्तींना न्यायालयाच्या परवानगीने दावा लावता येतो.

हे सारे उपाय पुराव्यावर उभे असतात. म्हणून खोदाई सुरू होण्यापूर्वीच आपल्या भिंतींची तारखेसह छायाचित्रे घ्यावीत, शक्य तर अभियंत्याकडून पाहणी करवून घ्यावी. तक्रार लेखी द्यावी व तिची पोच जपून ठेवावी. वकिलाचा खर्च झेपत नसेल त्यांनी तालुका विधी सेवा समितीकडे जावे. स्त्रिया व अनुसूचित जाती-जमातींतील व्यक्तींना तेथे उत्पन्नाची अट न लावता मोफत साहाय्य मिळते.

पंचायतीचे सदस्य, शिक्षक व अधिकारी यांच्याकडे असा माणूस प्रथम येतो. ‘आपसात मिटवा’ एवढेच सांगून त्याला परत पाठवू नये. समेट अवश्य घडवावा, पण तो लेखी असावा. आणि समेटाच्या बोलण्यांत खड्डा खोल होत राहणार नाही, याची काळजी घ्यावी. वेळेवर दिलेला एक अर्ज पुढे वर्षानुवर्षे चालणारा दावा टाळू शकतो आणि दोन घरांमधील जिव्हाळाही टिकवू शकतो.