मुख्य चित्रपटाच्या आधी



मी माहितीपटांचा संकलक. आमच्या क्षेत्रात एझ्रा मीर हे नाव आदरानं घेतलं जातं, बाहेर ते फारसं कुणाला ठाऊक नाही. म्हणून आज त्यांच्याबद्दलच बोलतो.

विसाव्या शतकाच्या सुरुवातीला कोलकात्यातल्या ज्यू कुटुंबात त्यांचा जन्म झाला. आधी रंगभूमी, मग अमेरिकेत सिनेमाचे धडे आणि १९३१ मध्ये, बोलपटाच्या पहिल्याच वर्षी, मुंबईच्या इंपीरियल कंपनीसाठी ‘नूरजहान’चं दिग्दर्शन. नटनट्यांची झगमगती दुनिया हाताशी असलेला हा माणूस पुढे माहितीपटाकडे वळला आणि तिथंच रमला. मला याचं आजही अप्रूप वाटतं.

दुसऱ्या महायुद्धात ते इंग्रज सरकारच्या ‘इन्फर्मेशन फिल्म्स ऑफ इंडिया’त निर्माते होते. युद्धाचा प्रचार हे त्या संस्थेचं काम. बेचाळीसच्या ‘छोडो भारत’ चळवळीत तुरुंग भोगलेल्यांना ते सलणारच, आणि तो राग मला रास्त वाटतो. १९४६ मध्ये संस्था बंद झाली. पण मुलांनो, परिणाम काय झाला? १५ ऑगस्ट १९४७ च्या मध्यरात्री सत्तांतर टिपायला सरकारचं स्वतःचं चित्रीकरण पथकच नव्हतं! त्या रात्रीची दृश्यं आपण पाहू शकतो, ती इतरांनी कॅमेरे नेले म्हणून.

१९४८ मध्ये मुंबईत सरकारचं फिल्म्स डिव्हिजन सुरू झालं. १९५६ ते १९६१ मीर तिथले प्रमुख निर्माते होते. आजीआजोबांना विचारा, तेव्हा थिएटरात मुख्य चित्रपटाआधी न्यूजरील आणि माहितीपट दाखवणं सक्तीचं होतं. धरणं, पिकं, लोकनृत्यं, लसीकरण. प्रेक्षक चुळबुळ करत, हेही खरं. तरी तालुक्याबाहेर पाऊल न टाकलेल्या कितीतरी माणसांनी आपला देश पहिल्यांदा त्या पडद्यावरच पाहिला. याच काळात फिल्म्स डिव्हिजनमध्ये व्यंगपट विभाग उभा राहिला. डिस्नेत काम केलेल्या क्लेअर वीक्स यांनी आपल्या चित्रकारांना शिकवलं आणि १९५७ मध्ये ‘बनयन डियर’ ही जातककथा पडद्यावर आली. पुढे मीर यांनी चिल्ड्रेन्स फिल्म सोसायटीतही काम केलं. १९७० मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली.

असा माहितीपट तुम्हीही करू शकता. तुमच्यापैकी अनेकांच्या घरी कॅमेरा असलेला फोन आहे. येत्या सुट्टीत आपल्या गावातल्या एखाद्या माणसाचं काम सुरुवातीपासून शेवटपर्यंत टिपा: कुंभार, लोहार, नाहीतर पहाटे दूध गोळा करणाऱ्या ताई. आधी त्यांची परवानगी घ्या. चित्रण मुख्याध्यापिका बाईंकडे जमा करा. जूनमध्ये मी पुन्हा येईन आणि आपण बसून ते जोडू.