विक्री अडवा, वखर अडवू नका
(जिल्हा मेळाव्यातील भाषण)



आज कापसाच्या भावाबद्दल बोलणार नाही, भावाभावांबद्दल बोलणार आहे. घरच्या वाटणीच्या दाव्यात मृगाच्या तोंडावर 'स्टे' येतो ना, त्याबद्दल. कोर्टात त्याला तात्पुरता मनाई हुकूम म्हणतात. अर्ज बहुधा निशाणी ५ ला असतो.

आधी माझीच गोष्ट ऐका. मी शेतकीचा पदवीधर. पेरणी आठ दिवस लांबली तर काय होतं, हे गावोगाव सांगत हिंडणारा. वडिलांच्या मागे साडेनऊ एकर सामायिक राहिली. धाकटा भाऊ सौदा करतोय असं कानावर आलं आणि जूनमध्ये मी मनाई आणली. मला फक्त विक्री थांबवायची होती. अर्जात मात्र नेहमीचा मजकूर पडला: शेतात येऊ नये, वहिवाटीस हरकत करू नये. शिकलेला माणूस, पण न वाचता सही केली. कोर्टानं हुकूम दिला, 'जैसे थे'. आता जैसे थे म्हणजे कसे? निम्मं रान तो वाहत होता, निम्मं मी बटईनं दिलं होतं. त्याचा वखर धुऱ्यावरच थांबला, माझा बटईदार भिऊन निघून गेला. पोळ्यापर्यंत त्या काळ्या रानात गुडघाभर गवत. आई त्या वर्षी कोणाच्याच चुलीवर जेवली नाही. वेगळी भाकर थापून खायची.

मनाई देताना कोर्ट तीन गोष्टी पाहतं. प्रथमदर्शनी हक्क दिसतो का, गैरसोय कोणाची जास्त, आणि पैशानं भरून न येणारं नुकसान होईल का. आपली गोची तिसऱ्यात आहे. जमीन विकली गेली तर नुकसान भरून येत नाही, हे लवकर पटतं. पेरणी बुडाली म्हटलं की समोरचा वकील सांगतो, पिकाची किंमत पैशात काढता येते! कोरडवाहूचा हंगाम कोर्टाला कोणी समजावतच नाही. आपली कपाशी जूनच्या मध्यापासून जुलैच्या मध्यापर्यंत टोबली गेली पाहिजे. रब्बी ज्वारी सप्टेंबरच्या मध्यापासून महिनाभरात, जमिनीतल्या ओलीवर. ती ओल पुढच्या तारखेला नसते. हे प्रतिज्ञापत्रात लिहा, मागच्या वर्षांच्या पीकपाहणीचे उतारे जोडा.

मागताना विक्री, गहाण, बक्षीसपत्र यांनाच मनाई मागा. सहहिस्सेदाराला सामायिक रानातून हाकलायचा हुकूम सहसा मिळतही नाही. कोणी कुठला तुकडा पेरायचा आणि खर्च-उत्पन्नाचा हिशेब कोर्टात द्यायचा, हे गट नंबर आणि चतुःसीमेसह हुकुमातच लिहून घ्या. बहिणींनाही हेच सांगतो. मुलीचा हिस्सा महाराष्ट्रात १९९४ च्या आणि देशभर २००५ च्या दुरुस्तीनं आला. बाप २००५ आधी वारला असला तरी हक्क जात नाही, असं सर्वोच्च न्यायालयानं २०२० मध्ये सांगितलं. भाऊ परस्पर विकतोय असं दिसलं तर विक्रीवर मनाई मागा. त्याची पेरणी बुडवून तुमच्या पदरात काही पडत नाही.

तुमच्यावर एकतर्फी हुकूम आला तर? दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८, आदेश ३९. असा अर्ज ३० दिवसांत निकाली काढायचा प्रयत्न कोर्टानं करावा, न जमल्यास कारण नोंदवावं, असं नियम ३-अ म्हणतो. पण ३० दिवस म्हणजे कपाशीचा सगळा पेरणीकाळ! म्हणून पहिल्याच तारखेला नियम ४ खाली हुकूम बदलण्याचा अर्ज द्या. भांडण दिसतच असेल तर कलम १४८-अ खाली कॅव्हेट टाकून ठेवा. ते ९० दिवस चालतं. एप्रिलअखेर टाकलं की जुलैअखेरपर्यंत निभावतं. रातोरात पेरून मात्र टाकू नका. हुकूम मोडला तर जप्ती आणि तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद आहे.

पीक उभं असताना मनाई आली तर आणखी एक वाट आहे, वकीलही ती क्वचित काढतात. संहितेत उभं पीक जंगम मालमत्तेत धरलंय. नियम ६ खाली कापूस वेचून विकावा, पैसे कोर्टात ठेवावेत, असा हुकूम मागता येतो. बोंडं फुटून सरीत गळण्यापेक्षा ते बरं.

आमचं पुढं काय झालं, विचाराल. पुढच्या एप्रिलात दोघांनी मिळून पुरसिस दिली: वरचं रान त्यानं पेरायचं, खालचं मी, विकायचं कोणीच नाही. दावा अजून चालू आहे.

अर्जाचा मराठी नमुना मंडपाबाहेरच्या टेबलावर ठेवलाय. घेऊन जा. वाचता येत नसेल तर पोराकडून वाचून घ्या, आणि मगच सही करा.