घराजवळचं वाहतं पाणी

कयाक स्लॅलम या खेळात खळाळत्या पाण्यावर तारांना खांब टांगलेले असतात. दोन खांबांचं एक दार, आणि अशी 18 ते 25 दारं पार करायची. हिरवी दारं प्रवाहाबरोबर, तांबडी प्रवाहाच्या उलट दिशेनं. वल्हं, होडी किंवा अंगाचा कुठलाही भाग खांबाला लागला की 2 सेकंदांचा दंड, आणि दार चुकलं तर 50 सेकंदांचा. तांबड्या दाराशी खेळाडू खडकाआडच्या संथ पाण्यात होडीचं नाक घालतो, कंबरेनं होडी कुशीवर कलती करतो, मागचं टोक पाण्याखाली दाबतो आणि जागच्या जागी वळून वर चढतो. स्पर्धेतल्या दारांची मांडणी दर वेळी नवी असते. तिच्यावर सराव करायला मिळत नाही. काठावरून बघून ती पाठ करावी लागते. म्हणजे पाण्याची ओळख आधीच अंगात मुरलेली हवी. म्हणूनच माझं म्हणणं आहे की या खेळाडूची कारकीर्द घडते ती घराजवळच्या रोजच्या वाहत्या पाण्यावर, आणि असं पाणी आपल्या भिलाईला मिळवून देता येईल.

ऑस्ट्रेलियाची जेसिका फॉक्स घ्या. 2012 ते 2024 या काळातल्या चारही ऑलिंपिकमध्ये तिनं पदक मिळवलं. टोकियोत दोन खांब लागले, 4 सेकंद गेले आणि कयाकमधलं सुवर्ण कांस्यावर आलं. पॅरिसला मात्र कयाक आणि कनू या दोन्ही प्रकारांत सुवर्ण. यावर कुणी म्हणेल, तिचे वडील जगज्जेते, आई ऑलिंपिक पदकविजेती, मग हे रक्तातच होतं. असेलही. पण हे कुटुंब राहिलं ते सिडनीजवळच्या पेनरिथला, 2000च्या ऑलिंपिकसाठी बांधलेल्या प्रवाहाच्या शेजारी. टोगोला पहिलं ऑलिंपिक पदक मिळवून देणारा बेंजामिन बुकपेती बीजिंगला उतरला टोगोच्या नावावर, पण तो तयार झाला फ्रान्सच्या पाण्यावर. रक्त घरातून मिळालं तरी पाणी गावालाच द्यावं लागतं.

आपल्या देशात असं पाणी महेश्वरला आहे. अहिल्याबाईंच्या या गावाजवळ सहस्रधारेत नर्मदा खडकांमधून फुटून धावते. 2023च्या खेलो इंडिया युवा स्पर्धांतला स्लॅलम तिथंच झाला. कोलाडची गोष्ट तर अधिक बोलकी. मुळशी धरणाचं पाणी भिऱ्याच्या वीजघरात वीज करून कुंडलिका नदीत उतरतं आणि त्याच्यावर तिथं राफ्टिंग चालतं. कामाचं पाणी काम संपवून खेळालाही उपयोगी पडतं.

भिलाईही कामाच्या पाण्यावरच उभी आहे. पोलाद कारखान्यासाठी तांदुळा आणि महानदीवरच्या धरणांचं पाणी कालव्यांनी मरोद्याच्या तलावापर्यंत येतं. शेतकरी विचारेल, भाताचं पाणी खेळाला का द्यायचं? प्रश्न रास्त आहे. पण होडी पाणी पीत नाही, ते जसंच्या तसं पुढे जातं. दुसरा आक्षेप खर्चाचा. पंपांवर चालणारे कृत्रिम प्रवाह महाग असतात, हे खरं. पण 1972च्या ऑलिंपिकमध्ये स्लॅलम पहिल्यांदा ज्यावर खेळला गेला तो जर्मनीतल्या ऑग्सबर्गचा प्रवाह लेख नदीतून उतारानंच येतो, आणि मुळात तो नदीतला बर्फ वळवण्यासाठी काढलेला कालवा होता. तिसरा आक्षेप मला सगळ्यांत वजनदार वाटतो. छत्तीसगडचं मैदान सपाट आहे आणि कालव्याचे उभे प्रपात जीवघेणे असतात. तिथं खाली घुमणारं पाणी माणसाला सोडत नाही. अशा प्रपाताखाली मूल उतरवणं म्हणजे गुन्हाच. म्हणून हवी ती बाजूनं काढलेली वेगळी चारी: मंद उताराची, दगड रचून पाणी फोडलेली, तोंडाला पाणी अडवणारं दार असलेली. ऑलिंपिकचा वेग तिथं मिळणार नाही. त्यासाठी मोठी मुलं महेश्वरला जातील. पण दहा-बारा वर्षांच्या पोरांना उलटलेली होडी सरळ करायला आणि संथ पाण्यातून धारेत शिरायला तेवढा वेग पुरतो.

हे शहर असं काही करू शकतं का, अशी शंका इथं तरी कुणी घेऊ नये. प्रशिक्षक राजेश पटेल यांनी याच गावात मुलींचं बास्केटबॉल उभं केलं आणि छत्तीसगडच्या संघानं देशात दबदबा निर्माण केला. त्या मुलींना रोज मैदान मिळत होतं आणि रोज शिकवणारा माणूस मिळत होता. स्लॅलमला मैदानाच्या जागी एक चारी लागेल, तारांवर टांगलेले खांब, जॅकेटं, हेल्मेटं आणि काठावर दोरी घेऊन उभा राहणारा जाणकार प्रशिक्षक. सुरुवात पाटबंधारे खातं आणि कारखाना यांनी एकत्र बसून मरोद्याच्या वरच्या अंगाला उतार मोजण्यापासून करावी.