पोलिसाचं दुःख आणि मानवतच्या आया

(केज इथे झालेल्या महिला मेळाव्यातलं हे भाषण. थोडी काटछाट करून, बोलीचा बाज तसाच ठेवून देत आहोत.)

मैत्रिणींनो,

मला आज सिनेमावर बोलायला सांगितलंय. खरं सांगते, मी सिनेमातली जाणकार नाही. पण गेल्या महिन्यात आपल्या मुलींच्या शिबिरात रात्री एक सिनेमा लावला होता, तेव्हापासून डोक्यात काहीतरी घोळतंय. ते तुमच्यापुढे मांडते. पटलं तर घ्या, नाही पटलं तर उठून भांडा.

सिनेमा खुनाचा होता, हिंदीत डब केलेला. एक माणूस एकामागून एक खून करतो. प्रत्येक खुनाची मांडणी ठरलेली, अमावास्या, राख, रक्ताची खूण, पूजा मांडावी तसं सगळं. त्याला पकडणारा एक पोलीस अधिकारी. त्याची स्वतःची मुलगी गेलेली. तो रात्र रात्र झोपत नाही, दाढी वाढलेली, मुलीचा फोटो बघतो, पुन्हा तपासाला लागतो. सिनेमा संपेपर्यंत आम्ही सगळ्याजणी त्याच्यासाठी हळहळलो. मीसुद्धा डोळे पुसले.

दिवे लागल्यावर एक मुलगी म्हणाली, "मावशी, मेलेल्या पोरींची नावं काय होती हो?" कुणालाच सांगता आली नाहीत. खुनी काय खातो, कुठे राहतो, त्याला लहानपणी कुणी मारलं, ते सगळं आम्हाला पाठ. पोलिसाच्या मुलीचं नाव पाठ. पण ज्या पाचसहा पोरींचे मुडदे आम्ही दोन तास बघितले, त्यांतली एकही आमच्या लक्षात राहिली नव्हती. त्यांच्या आया तर पडद्यावर आल्याच नाहीत. आल्या असतील तर एकदा किंचाळण्यापुरत्या.

तेव्हा मला मानवत आठवलं.

तुमच्यातल्या म्हाताऱ्या बायांना सांगायला नको. तरुण मुलींसाठी सांगते. आपल्या केजवरून धारूर, तेलगाव, माजलगाव, पाथरी ओलांडलं की परभणी जिल्ह्यातलं मानवत येतं. कापसाच्या बाजाराचं गाव. तिथे नोव्हेंबर १९७२ ते जानेवारी १९७४ या साधारण चौदा महिन्यांत दहा खून झाले. पाच लहान मुली, एक तान्हं लेकरू आणि चार बायका. मुली दहा वर्षांच्या आगेमागे, बायका पस्तिशीच्या. सरकारपक्षाचं कोर्टात म्हणणं असं होतं की पिंपळावरच्या मुंजाला प्रसन्न करून गुप्तधन मिळवायचं आणि मूल नसलेल्या एका बाईची कूस उजवायची, यासाठी कुमारिकांचं रक्त, तेही त्यांच्या गुप्तांगातलं, काढलं गेलं. हे बोलताना आजही जीभ अडखळते. पण बोललं पाहिजे, कारण नुसतं "नरबळी" म्हटलं की त्यातलं बाईचं शरीर गळून पडतं.

मी तेव्हा नऊ वर्षांची होते. दुष्काळाचं वर्ष. आई खडी फोडायला जायची, येताना मिलो ज्वारी आणायची. मानवत आमच्यापासून किती दूर, पण बातमी बाजाराच्या दिवशी गावात शिरली आणि घराघरात जाऊन बसली. आई म्हणाली, "उद्यापासून शाळा नाही." मी महिनाभर घरी होते. नंतर मला पुन्हा पाठवलं, कारण आमचे मास्तर घरी येऊन वडिलांशी बोलले. माझ्या शेजारी बसणाऱ्या मैत्रिणीला मात्र कुणी परत पाठवलं नाही. धाकटी भावंडं सांभाळायला ती घरात उपयोगी पडू लागली होती. तेराव्या वर्षी तिचं लग्न झालं. मानवतच्या बळींच्या यादीत तिचं नाव नाही, पण मी माझ्या मनात ते धरते.

हे का सांगते? कारण परवाच्या सिनेमानंतर आपल्यातलीच एक आई मला म्हणाली, "ताई, बघितलं ना? मी आता पोरीला संध्याकाळच्या क्लासला पाठवत नाही." बावन्न वर्षांनी तेच वाक्य. भीती खुन्याची, आणि शिक्षा पोरीला.

आता मानवतच्या तपासाकडे येते. तिथेही एक मोठा पोलीस अधिकारी होता, खराखुरा. रमाकांत कुलकर्णी. मुंबईत रामन राघवचं प्रकरण १९६८ साली ज्यांनी उकललं तेच. मुंबईहून ते मानवतला आले आणि तपासाला दिशा मिळाली. त्यांच्या आठवणींच्या पुस्तकावरून ऑक्टोबर २०२४ मध्ये 'मानवत मर्डर्स' ही मालिका आली. आशुतोष गोवारीकर त्यांच्या भूमिकेत आहेत. त्याआधी १९८१ साली अमोल पालेकरांनी याच प्रकरणावर 'आक्रीत' हा चित्रपट केला होता, विजय तेंडुलकरांच्या पटकथेवर. म्हणजे चाळीसपन्नास वर्षं आपण हे प्रकरण पडद्यावर बघतो आहोत.

कुलकर्णींच्या हुशारीबद्दल मला आदर आहे. चांगला तपास ही बाईच्या हक्काचीच गोष्ट आहे, हे आपण ठाण्याच्या पायऱ्या झिजवून शिकलोय. पण जरा विचार करा. पहिल्या मुलीपासून दहाव्या जिवापर्यंत चौदा महिने गेले. गरिबाघरच्या पोरी होत्या. गोवऱ्या वेचायला, पाण्याला, शेतात जाणाऱ्या बायका होत्या. सिनेमात कथा सुरू होते ती अधिकारी गावात गाडीतून उतरतो तेव्हा. मानवतच्या आयांची कथा त्याच्या कितीतरी आधी सुरू झाली होती, आणि अधिकारी परत गेल्यावरही ती चालूच राहिली. तिच्यावर कुणी मालिका काढली नाही.

खटल्याचं काय झालं? तेही नीट ऐका, कारण मालिका बघून आपण निकाल आपणच लावून टाकतो. अठरा जणांवर खटला चालला. त्यात गावातला एक वजनदार, पैसेवाला माणूस होता आणि त्याच्यासोबत राहणारी पारधी समाजातली एक बाई होती. खालच्या कोर्टाने त्यांना दोषी धरलं. पण वरच्या न्यायालयांत पुरावा पुरा पडला नाही आणि ती दोघं सुटली. इतर काहींच्या शिक्षा कायम राहिल्या. १९७७ साली सर्वोच्च न्यायालयाचा निकाल आला. माफीच्या साक्षीदाराच्या शब्दाला दुसऱ्या पुराव्याचा आधार लागतो, आरोपीचा कबुलीजबाब नियमानेच घेतला पाहिजे, शिक्षा ठरवण्याआधी आरोपीचं म्हणणं ऐकलं पाहिजे, या गोष्टी त्यात तपासल्या गेल्या. वकिलीचे विद्यार्थी तो निकाल आजही वाचतात. आपल्याला कधी कधी असल्या नियमांचा राग येतो. पण आपल्याच वस्तीतला पोरगा खोट्या गुन्ह्यात आत गेला की हेच नियम आपण शोधतो. ते सगळ्यांसाठी असतात.

आता एक अवघड गोष्ट बोलते. जिच्याबद्दल बोलते ती आज इथे बसली आहे. तिला विचारून बोलते.

मालिका आली तेव्हा आपल्या गटातल्या काहीजणींनी एका मोबाईलवर रात्री बसून ती पाहिली. पुढच्या बैठकीला आपली एक पारधी मैत्रीण आली. कुणीतरी हसत हसत म्हणालं, "ती बाई तुमच्यातलीच ना गं?" ती काही बोलली नाही. पुढच्या दोन बैठकांना आली नाही. तिसऱ्या वेळी मी तिच्या पालावर गेले. ती म्हणाली, "ताई, माझी पोरगी पलीकडच्या घरी खेळायला गेली तर तिला परत पाठवली. म्हणे आमच्या लेकराला काही करशील."

मैत्रिणींनो, इंग्रजांनी १८७१ साली कायदा करून काही जमाती जन्मानेच गुन्हेगार ठरवल्या. देश स्वतंत्र झाल्यावरही पाच वर्षं तो शिक्का राहिला. ३१ ऑगस्ट १९५२ ला तो कागदावरून पुसला. आपल्या मनातून पुसला का? न्यायालयाने जिला सोडलं त्या बाईचा गुन्हा आपण केजच्या एका सात वर्षांच्या पोरीच्या माथी मारला. करणीधरणीवर आपला विश्वास नाही म्हणतो, पण "ही बाई तसली" यावर चटकन विश्वास बसतो. चेटकीण ठरवणं यापेक्षा वेगळं काय असतं? त्या दिवशी बैठकीत मी होते. मी हसले नव्हते, पण गप्प बसले होते. त्याची माफी मी सगळ्यांसमोर मागते.

आणि त्या मूल नसण्याचं काय? सिनेमात वांझ बाई वेडी, कपटी, रक्ताला सोकावलेली दाखवतात. कोर्टातल्या गोष्टीत खरं किती ते न्यायालयाने पाहिलं. पण मूल होत नाही म्हणून देवऋष्याकडे नेलेल्या किती बाया या मांडवात आहेत, हात वर करायला सांगत नाही. लिंबू उतरवलं, धूर दिला, उपाशी ठेवलं, अंगावर चाबूक ओढला. नवऱ्याची तपासणी मात्र कुणी केली नाही. आणि पोरी नकोत म्हणूनही आपलाच जिल्हा पुढे. २०११ च्या जनगणनेत बीडमध्ये सहा वर्षांखालच्या हजार मुलग्यांमागे ८०७ मुली होत्या, राज्यात सगळ्यात कमी. या न जन्मलेल्या पोरींचा कुठला तपास अधिकारी रात्री जागला? ऊसतोडीला जाणाऱ्या बायांच्या पिशव्या काढल्याचा प्रश्न २०१९ मध्ये गाजला, सरकारने समिती नेमली, सर्व्हे झाला. त्यावर थरारपट निघत नाही, कारण त्यात एक खुनी सापडत नाही. मुकादम, उचल, दवाखाना, घरची माणसं, सगळ्यांचा थोडा थोडा हात असतो.

आपल्याला एक खुनी हवा असतो. तो पकडला की आपण मोकळ्या. दाराला कडी लावून झोपायला मोकळ्या.

बघण्याबद्दलही एक. डिसेंबर २०२४ मध्ये आपल्याच तालुक्यातल्या मस्साजोगच्या सरपंचांचा खून झाला. मार्च २०२५ मध्ये त्या छळाचे फोटो घराघरातल्या मोबाईलवर आले. न्यायासाठी ते बाहेर येणं गरजेचं होतं की नव्हतं, यावर वाद होईल. पण पोराटोरांनी ते पाठवलेले मी पाहिले, सिनेमाच्या तुकड्यासारखे. ज्याच्या घरचं माणूस गेलं त्याला ते पुन्हा पुन्हा दिसतं, याचा कुणी विचार केला नाही. मरणाकडे तमाशासारखं बघायची सवय लागली की शेजारचं दुःखही करमणूक होतं.

मग सिनेमा बघायचाच नाही का? बघा की. मीही बघणार. पण बघून झाल्यावर त्या मुलीसारखं विचारा, मेलेलीचं नाव काय होतं, तिच्या आईचं पुढे काय झालं, संशय कुणावर घेतला आणि कुणावर घेतलाच नाही.

आणि हातात असलेला कायदा ओळखा. नरेंद्र दाभोलकरांनी त्यासाठी वर्षानुवर्षं खेटे घातले. २० ऑगस्ट २०१३ ला पुण्यात त्यांचा खून झाला, त्यानंतर काही दिवसांत वटहुकूम निघाला आणि डिसेंबरमध्ये कायदा मंजूर झाला. गुप्तधनासाठी नरबळी, भूत उतरवायला मारहाण, करणी-भानामतीच्या नावाने छळ, एखाद्या बाईला चेटकीण ठरवून तिचं जगणं नकोसं करणं, हे गुन्हे आहेत. सहा महिने ते सात वर्षं शिक्षा, जामीन सहज नाही. पोलीस निरीक्षक दर्जाचा अधिकारी दक्षता अधिकारी असतो. मार्च २०२३ मध्ये पुण्यात एका विवाहितेने तक्रार केली की सासरी बीड जिल्ह्यात तिच्या पाळीचं रक्त अघोरी कामासाठी बळजबरीने घेतलं. तिची तक्रार खरी की खोटी ते कोर्ट बघेल. पण तिने ठाण्यात जाऊन हे शब्द उच्चारले, ही केवढी हिंमत! मानवतच्या काळात बाई हे उच्चारू शकली नसती.

माझ्या तीन विनंत्या आहेत. संध्याकाळच्या क्लासच्या पोरी बंद करू नका. सात पोरी आहेत, आपण चौघीजणी पाळीपाळीने त्यांना आणायला जाऊ. माझा सोमवार आणि गुरुवार. दुसरी, पोलीस ठाण्यात जाऊन दक्षता अधिकारी कोण ते विचारून त्यांचा नंबर आपल्या फळ्यावर लिहू. तिसरी, पुढची बैठक आपल्या पारधी मैत्रिणीच्या पालावर घेऊ. तिने हो म्हटलंय. चहा तिच्याच घरचा घ्यायचा, आणि आपापली लेकरं सोबत आणायची. तिच्या पोरीला खेळायला कुणीतरी हवं आहे.

एवढं बोलून थांबते.