चाळीस हजार कधी झाले असते?

आज आपण व्याजाचा एक हिशेब मांडू या. वही-पेन आणि मोबाईल जवळ घेऊन बसा.

आमच्या गटातल्या एका ताईंनी मुलाच्या आजारपणात गावातल्या एकाकडून १०,००० रुपये घेतले होते. व्याज शेकडा पाच, दरमहा. मधे काहीच फेडता आलं नाही. दोन वर्षांनी तो माणूस दारात आला. म्हणाला, "व्याजावर व्याज चढून चाळीस हजार झाले. द्या, नाहीतर शेळ्या नेतो." ताई रडतच बैठकीला आल्या. आम्ही म्हटलं, आधी आकडा तपासू.

शेकडा पाच म्हणजे शंभराचे महिन्याला एकशे पाच. व्याजावर व्याज धरलं, तर दर महिन्याला रक्कम १.०५ ने गुणायची. दहा हजारांचे चाळीस हजार म्हणजे चौपट. मग प्रश्न एवढाच: १.०५ ने किती वेळा गुणलं की चौपट होते? शाळेत याला घातांक काढणं म्हणायचे.

यासाठी एक सोपी युक्ती आहे. ७२ ला व्याजाच्या दराने भागा. ७२ भागिले ५ म्हणजे १४.४. साधारण इतक्या महिन्यांत रक्कम दुप्पट होते. चौपट म्हणजे दुप्पटीची दुप्पट, म्हणून महिनेही दुप्पट: जवळजवळ २९. ताईंना तर २४ महिनेच झाले होते!

ही युक्ती अंदाजाची आहे, म्हणून मोबाईलवर ताळा केला. चोवीस वेळा गुणल्यावर ३२,२५१ आले. चाळीस हजार ओलांडायला २९ वेळा गुणावं लागलं. म्हणजे त्याच्याच हिशेबाने त्याने पावणेआठ हजार जादा लावले होते.

पुढे आम्ही विचारलं, व्याजावर व्याज ठरलं होतं का? ताई म्हणाल्या, तसं बोलणंच झालं नव्हतं. मग सरळ व्याज महिन्याला ५०० रुपये. चोवीस महिन्यांचे १२,०००. मुद्दल धरून २२,०००.

आणखी एक. महाराष्ट्रात २०१४ च्या सावकारी कायद्यानुसार परवान्याशिवाय सावकारी करणं गुन्हा आहे. तक्रार तालुक्याच्या सहायक निबंधक, सहकारी संस्था, यांच्या कार्यालयात करता येते. आम्ही परवाना मागितला, तेव्हा तो माणूस गप्प झाला. ताईंचा अर्ज आता त्या कार्यालयात आहे. निकाल यायचा आहे, पण शेळ्या दारातच आहेत.

मैत्रिणींनो, कर्ज घेताना तीन गोष्टी विचारून वहीत लिहा: दर महिन्याचा की वर्षाचा? व्याज सरळ की चक्रवाढ? परवाना आहे का? चक्रवाढ असेल, तर तिथेच ७२ ला दराने भागून बघा. शेकडा दोनला दुप्पट व्हायला सुमारे ३६ महिने लागतात, शेकडा दहाला आठव्या महिन्यातच होते. हा आकडा पाहूनच अंगठा किंवा सही करा.

येत्या बैठकीत हा हिशेब सगळ्यांनी मिळून करा.