झुरळ आणि मीटर

साइटवरचा मल्याळी दोस्त ‘आडुजीवितम’ दाखवून म्हणाला, ‘‘ही आमच्या आखातातल्या मजुरांची गोष्ट. तुमची कुठली?’’

मी सांगितलं, चैतन्य ताम्हाणेंचा ‘कोर्ट’, २०१४. त्यात गटारात मेलेल्या सफाई कामगाराची बायको साक्ष देते. तो उतरण्याआधी झुरळ दिसतंय का बघायचा. दिसलं, म्हणजे आत हवा आहे. मास्क वगैरे काही नाही. आणि खटला मात्र शाहिरावर!

इथे अमेरिकेत ओशाच्या नियमाप्रमाणे मॅनहोलमध्ये उतरण्याआधी आतली हवा मीटरने तपासावी लागते. ती तपासणी समोर उभं राहून बघायचा हक्क उतरणाऱ्याला आहे, मग व्हिसा कुठलाही असो. मी स्वतः सुपरवायझर आहे, तरी सांगतो: आकडा बघितल्याशिवाय पाय आत टाकू नका. आपल्या घरच्या बाईवर साक्षीला उभं राहायची वेळ आणू नका.