कारकुनावांचून चालणारें दप्तर

आपण खिशांतील फोनवर एखाद्या आप्ताचा पत्ता टिपून घेत आहां, आणि तेवढ्यांत बॅटरी संपते. फोन पुन्हां सुरू करून पाहावें, तों पूर्वींचे सर्व पत्ते जागच्या जागीं! याचें आपणांस नवल वाटत नाहीं. पण वाटावें अशीच ती गोष्ट आहे.

ही राखण बहुधा ‘एसक्यूलाइट’ करीत असते. मोठ्या पेढ्यांच्या संगणकांत माहितीचें दप्तर सांभाळण्यास ‘सर्व्हर’ नांवाचा स्वतंत्र प्रोग्रॅम असतो. तो जणूं दप्तरखान्याचा कारकून. कोणताहि कागद त्याच्याच हातून घ्यावयाचा. शिस्त योग्यच, पण कारकून गैरहजर राहिला कीं कचेरी बंद!

२००० सालीं रिचर्ड हिप् हे अमेरिकन आरमाराच्या एका विनाशिकेसाठीं प्रोग्रॅम लिहीत होते. जहाजास अपाय झाल्यास तो आटोक्यांत ठेवण्याच्या कामीं त्याचा उपयोग व्हावयाचा. परंतु दप्तराचा सर्व्हर बंद पडला कीं हा प्रोग्रॅमहि हात टेकी. तेव्हां प्रोग्रॅमनें आपलें दप्तर स्वतःच कां उघडूं नये, असा विचार हिप् यांनीं केला. त्याच वर्षीं ऑगस्टमध्यें एसक्यूलाइटची पहिली आवृत्ति निघाली.

एसक्यूलाइट हा निराळा कारकून नव्हे. ती इतर प्रोग्रॅमांत सामील होणारी ‘लायब्ररी’, म्हणजे तयार कृतींचा संच आहे. विंडोजमध्यें ती ‘एसक्यूलाइट३.डीएलएल’ अशा एकाच फाइलीच्या रूपानें आढळते. दप्तर तेंहि एकच फाइल. उचलून दुसऱ्या यंत्रावर ठेवावी आणि उघडावी.

आतां बॅटरीची गोष्ट. मूळ पद्धत अशी, कीं दप्तराचें पान बदलण्यापूर्वीं त्यावरील जुना मजकूर ‘जर्नल’ नांवाच्या वेगळ्या फाइलींत उतरून घ्यावयाचा. तो तेथें पक्का झाल्यावरच मूळ पानास हात लावावयाचा, आणि काम पुरें होतांच जर्नल काढून टाकावयाचें. मध्येंच वीज गेली, तर दप्तर पुन्हां उघडतांना शिल्लक राहिलेलें जर्नल दिसतें, आणि त्यावरून पानें पूर्ववत् केलीं जातात. व्यवहार एक तर पुरा, नाहीं तर मुळींच नाहीं. एकाच्या खात्यांतून रक्कम वजा झाली, पण दुसऱ्याच्या खात्यांत जमा झाली नाहीं, हा अनर्थ त्यामुळें टळतो.

मर्यादाहि आहे. वाचणारे अनेक चालतात. लिहितां मात्र एका वेळीं एकालाच येतें. जेथें हजारों लोक एकदम नोंदी करणार, तेथें कारकूनच हवा. घरची वही पेढीला पुरत नाहीं, आणि घराला पेढीचा खटाटोप नको.

हिप् यांनीं ही कृति सार्वजनिक मालकीची करून टाकली आहे. कोणीहि ती फुकट वापरावी. २०५० सालापर्यंत तिची निगा राखण्याचा कर्त्यांचा संकल्प आहे. माहितीसंचांच्या जतनासाठीं अमेरिकेच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसनें शिफारस केलेल्या प्रकारांत तिच्या फाइलीची गणना होते.

पूर्वीं घरोघरीं पत्रांच्या पेट्या असत. आज आपले निरोप आणि पत्ते अशा फाइलींत आहेत. जर्नल वीज गेल्यापासून वांचवितें, फोन हरवल्यापासून नव्हे. म्हणून एक प्रत दुसरीकडे ठेवणें हें आपलें काम. पण ती प्रत नातवंडांना उघडतां येईल काय? जिची किल्ली कोणा एकाच्याच कमरेला नाहीं अशी पेटी असेल, तर तशी आशा धरण्यास जागा आहे.